सुईणीचा अर्ज

महिला क्लबला शंभर वर्षं होणार, म्हणून त्याचा इतिहास लिहायचं काम निवृत्त मास्तरीणबाईंच्या गळ्यात पडलं. "तुमच्याइतकं शुद्ध मराठी आहे कुणाचं?" असं अध्यक्षीणबाई म्हणाल्या आणि बाई हरभऱ्याच्या झाडावर चढल्या.

क्लबची दगडी इमारत मूळची जकातीची कचेरी. तिचं गोदाम व्हायच्या बेतात होतं, तेव्हा पहिल्या अकरा बायका कुलूप फोडून आत शिरल्या आणि आठवडाभर हलल्या नाहीत. हे बाईंनी झोकात लिहिलं. मग वरच्या मजल्यावरच्या कपाटातल्या इतिवृत्ताच्या वह्या काढल्या, महिनाभर धूळ खाल्ली, आणि एका वहीत त्यांना आपल्या आईचंच नाव भेटलं.

आई सरकारी दवाखान्यात सुईण होती. अर्ध्या गावाची नाळ तिनं कापलेली. क्लबचा विषय निघाला की म्हणायची, "मला कुठला गं वेळ तिथं बसायला?" बाईंना ते आजवर खरंच वाटत आलं होतं. वहीत मात्र तिच्या तीन अर्जांची नोंद होती. तिसऱ्याखाली लिहिलं होतं: 'अर्जदार बाईंनी बहुतेक सभासदांची बाळंतपणं केली आहेत. जिनं आपल्याला तशा अवस्थेत पाहिलं, तिच्या शेजारी बसून चहा पिणं अवघड जाईल. अर्ज नामंजूर.'

अक्षर शेजारच्या काकूंचं होतं. बाईंना बोट धरून क्लबात नेणाऱ्या त्याच. आता नव्वदीला टेकलेल्या.

बाई वही घेऊन तडक त्यांच्याकडे गेल्या. "काकू, हे तुम्ही लिहिलंत?"

काकूंनी चष्मा लावून वाचलं. "मी चिटणीस होते. ठरलं ते लिहिलं."

"तुमचा थोरला पायाळू. आईनं दोन दिवस तुमच्या उशाशी काढले होते. गरज सरो, वैद्य मरो?"

"म्हणून तर! मी केवढी ओरडले, नवऱ्याला काय काय शिव्या घातल्या, सगळं ऐकलं होतं तिनं. तिच्यासमोर पत्ते खेळत बसू?"

"मग मला कसं घेतलंत?"

"तू इंजिनिअरची बायको होतीस." काकू सहज म्हणाल्या. "शिवाय तुझी आईच आली होती माझ्याकडे. म्हणाली, पोरीला घ्या, फक्त माझ्या अर्जांचं तिला कळू देऊ नका."

बाईंनी वही मिटली आणि घरी आल्या.

त्यांनी ते पान जसंच्या तसं इतिहासात घातलं. कार्यकारी मंडळानं वाचून नाकं मुरडली. अध्यक्षीणबाई म्हणाल्या, "खरं असेल हो, पण समारंभाला शोभत नाही." त्या जागी नव्या फरशीचा फोटो घ्यायचं ठरलं.

"मग पुस्तकावरचं माझं नाव काढा," बाई ताडकन म्हणाल्या. कुणीतरी मनधरणी करील असं त्यांना वाटलं होतं.

"बरं," अध्यक्षीणबाई म्हणाल्या आणि पेननं नावावर रेघ ओढली.

समारंभात काकूंचा सत्कार झाला तेव्हा बाई चौथ्या रांगेत होत्या. सगळ्यांबरोबर त्यांनीही टाळ्या वाजवल्या. घरी येऊन राजीनामा लिहिला, पाकिटात घातला, वर पत्ताही लिहिला.

मंगळवार उजाडला, क्लबातल्या पत्त्यांचा दिवस. तीस वर्षांत क्लबाबाहेर एक मैत्रीण जोडली नव्हती बाईंनी. दुपारी चारला त्या उठल्या, पातळ बदललं आणि क्लबात जाऊन नेहमीच्या टेबलाशी बसल्या. पाकीट घरीच राहिलं.

"ये, ये," काकू म्हणाल्या, "तुझ्यासाठीच खोळंबलो होतो." आणि त्यांनी पानं वाटायला घेतली.