भात पोटरीत असताना वाजलेला तारपा

या मित्रांनो, असे पुढे सरका. दोरीच्या आत आलात तरी चालेल, राखणदार आत्ताच जेवायला गेला आहे. तुमची बस सुटायला अवकाश आहे. तेवढ्यात एक गोष्ट सांगतो. गोष्ट कडू आहे, पण देवळात कीर्तनाला बसतो तसे मांडी घालून ऐकलेत, तर अंगी लागेल.

मी एक जुना तारपा आहे, वारल्यांचं फुंकून वाजवायचं वाद्य. ज्या झोपडीत मी टांगलेला आहे ती कुणाचीही नाही. सहली काढणाऱ्या एका मंडळाने ती पाहुण्यांना बघण्यासाठी बांधली. माझं खरं घर मुलुंडच्या डोंगराकडे चढताना लागणाऱ्या उंबराखालच्या वारली पाड्यात होतं. पुढे मला वाजवणारा काकड्या, त्याच्या बापाच्या छपरावर मी दुधी भोपळा म्हणून वाढलो. कोवळा होतो तेव्हा भाजीतच जायचो, पण लाडकीने माझ्यावर बोट ठेवलं. काकड्याची ती बायको, तेव्हा नवीच लग्न होऊन आली होती. "ह्याला नका तोडू, ह्याचं पोट गाणाऱ्याचं हाय," ती म्हणाली. मग मला वेलावरच वाळू दिलं, आतल्या बिया काढल्या, बांबूच्या दोन नळ्या बसवल्या, फटी मधमाशीच्या मेणाने बुजवल्या आणि ताडाच्या पानांचा लांब कर्णा लावला. काकड्याने पहिली फुंकर घातली तेव्हा माझा जन्म झाला, असं मी मानतो.

मित्रांनो, तारपा वाजवणं म्हणजे नुसतं फुंकणं नव्हे. श्वास तुटू द्यायचा नाही. गालात वारा साठवायचा, नाकाने नवा घ्यायचा, सूर चालूच. काकड्या मध्ये उभा राहायचा आणि पाडा एकमेकांच्या कमरेला हात घालून त्याच्याभोवती फिरायचा. आमच्या पाड्याच्या दोन रीती होत्या. नाचताना तारप्याकडे पाठ करायची नाही, ही पहिली. दुसरी अशी की, भात पोटरीत असताना, म्हणजे कणीस अजून बाहेर पडलेलं नसताना, भात जणू गरोदर असताना, तारपा वाजवायचा नाही. भात तयार झालं, कणसरीला म्हणजे धान्याच्या देवीला नवा घास दाखवला, की मग वाजवायचं.

पावसाळाभर मी आढ्याला गप्प असायचो. तेव्हा खालच्या मारुतीच्या देवळातलं कीर्तन वाऱ्यावर वर यायचं. बुवांचा आवाज, झांजा, मध्येच साऱ्यांचं हसणं. ते ऐकायला मला फार आवडायचं. देव वेगळा असेल, पण रीत आमचीच. बुवा उभे असेपर्यंत तिथेही कुणी पाठ फिरवून उठत नसे.

त्या देवळात झांज वाजवणारा लवू पुढे आमच्या पाड्यावर आला. घाटकोपरच्या चाळीत राहणारा मालवणी माणूस, बाप गिरणीत. ह्याच मंडळाने 'अर्ध्या दिवसात आदिवासी संस्कृती' अशी सहल काढली होती. सकाळी अंधेरीहून बस निघायची, जेवणाच्या वेळेला माणसं घरी. लवू त्यांचा वाटाड्या. तो बोलायचा अगदी कीर्तनकारासारखा, "तर मंडळी, आता चित्त इकडे द्या." मला तो पहिल्या दिवसापासून आवडला.

मंडळाचे चिटणीस मात्र वेगळे. त्यांनी काकड्याला खाकी शर्ट काढायला लावला. लाडकीचा अॅल्युमिनियमचा हंडा आत ठेवायला लावला आणि मातीचं मडकं बाहेर मांडलं.

एकदा एक बाई माझ्यापुढे उभी राहून मैत्रिणीला म्हणाली, "गं, ही माणसं खरंच इथे राहतात की संध्याकाळी घरी जातात?"

लाडकी शेणाने अंगण सारवत होती. मान वर न करता म्हणाली, "तुमी गेल्यावर जातो ना बाय, आतल्या खोलीत."

लवूला हसू आवरेना. त्याने हसू खोकल्यात लपवलं.

हे सगळं पाड्याने सोसलं ते का, तर पाड्याच्या खालच्या सपाटीसाठी. पाड्याचं सगळं भात तिथे पिकायचं. ती सपाटी जाणार, तिथे काहीतरी बांधणार, अशी कुणकुण होती. चिटणीसांनी शब्द दिला होता, "सहल चालली तर सपाटीला कोणी हात लावणार नाही. मी बसलोय ना."

आधी वर्तुळ मोडलं. बाकं एकाच बाजूला मांडलेली, त्यामुळे पाहुण्यांना निम्म्या नाचणाऱ्यांच्या पाठी दिसायच्या. चिटणीस म्हणाले, ओळीत नाचा, तोंडं बाकांकडे करा. मग मी मागे राहिलो. साऱ्या पाड्याची पाठ माझ्याकडे. काकड्याच्या श्वासात त्या दिवशी खरखर आली, पण त्याने तो तुटू दिला नाही. फक्त लाडकी ओळीच्या टोकाला आडवी नाचायची, निम्मं तोंड बाकांकडे, निम्मं माझ्याकडे.

मग एका भाद्रपदात, सपाटीचा निकाल ज्यांच्या हातात होता असे मोठे पाहुणे येणार असं ठरलं. भात अगदी पोटरीत होतं. चिटणीस सकाळीच येऊन म्हणाले, "काकड्या, तारपा काढ."

"नाय साहेब. भात पोटरीला हाय."

"भात खाली, तू वर. त्याला काय ऐकू जाणार?"

"वारा खाली जातोच ना साहेब. गरवार बाईच्या कानाशी कोण वाजवतं?"

लवू मध्ये पडला. "साहेब, आजचा दिवस ढोलावर नाचू देत. पाहुण्यांना काय कळतंय?"

"पत्रकावर तारपा छापलाय, लवू. पाहुणे खूश झाले नाहीत तर सपाटीचं मी काही बोलू शकणार नाही. नंतर माझ्याकडे रडत यायचं नाही."

ते बस बघायला खाली उतरले. काकड्या उंबरठ्यावर बसला. लवू त्याच्या शेजारी टेकला.

"तू सांग ना रं तुझ्या सायबाला," काकड्या म्हणाला.

"अरे मेल्या, साहेब काय माझ्या मामाचो झील आसा? माका आज ठेवतलो, उद्या घालवतलो." साहेब काय मामाचा मुलगा आहे, अशी थट्टा करून लवूने खालच्या देवळाकडे बोट केलं. "आमच्या बुवांना कोणी सांगितलं ना, की कथा नको, नुसती आरती करा, बस सुटतेय, तर बुवा वीणा खाली ठेवतील. तुला तेही करता येत नाय."

लाडकी आतून आली. तिने मला आढ्यावरून काढलं, पदराने पुसलं आणि काकड्याच्या मांडीवर ठेवलं.

"वाजव," ती म्हणाली.

"खुळी झालीस काय तू?"

"कणसरी रागावली तर तिची माफी मागू. आय हाय ती. जमीन गेली तर माफी मागायला उभं कुठं राहशील?"

काकड्याने खाली सपाटीतल्या भाताकडे पाहिलं. मग त्याने मला तोंडाला लावलं.

मित्रांनो, मी वाजलो. चांगलाच वाजलो, तेच मला सलतं. बाकांवर टाळ्या पडल्या. ओळ पाहुण्यांकडे तोंड करून नाचत होती, आणि एकाएकी लाडकी वळली. तिने बाकांकडे पाठ केली आणि माझ्याकडे तोंड. एकटी तशीच नाचत राहिली.

"त्या बाईला फिरवा," चिटणीस दातांतून लवूला म्हणाले.

लवू जागचा हलला नाही. "मंडळी," तो पाहुण्यांना म्हणाला, "खरी रीत ही अशी आहे. बाकीची आम्ही मोडायला लावलीय."

कुणाला ते नीट ऐकू गेलं नाही. छायाचित्रकाराने मात्र फोटो काढला. महिना संपायच्या आत लवूचं काम गेलं.

तुम्ही विचाराल, देवी कोपली का? नाही कोपली. भात असं पिकलं की म्हाताऱ्यांनाही तसं आठवत नव्हतं. लाडकी रोज बांधावर जाऊन कणसांवरून हात फिरवायची. कापणीसाठी विळ्यांना धार लावून ठेवली होती. आणि त्याच आठवड्यात सपाटीवर तारेचं कुंपण पडलं. पाहुणे फार खूश झाले होते. इतके खूश, की त्यांनी सहल वाढवायला सांगितलं. बस वळवायला जागा हवी होती. पिवळ्या भातावर मुरुमाचे ट्रक रिकामे झाले. चिटणीस म्हणाले, वरून हुकूम आला. त्यांच्या शब्दाचं काय झालं, हे त्यांना कुणी विचारलं नाही. विचारणाऱ्यांना नाहूरच्या बाजूला पत्र्याच्या खोल्या दाखवल्या होत्या.

पाडा उठला आणि झोपड्यांच्या जागी झोपड्यांसारख्या झोपड्या बांधल्या. सामान हलवताना मंडळाच्या माणसांनी मला अडवून ठेवलं. वर्षभराने काकड्या मला न्यायला आला. कुणाच्या तरी शेतावर नव्या भाताची पूजा होती. फाटकावरच्या राखणदाराने सांगितलं, "बघायचा असेल तर रांगेत ये. न्यायचा असेल तर तो मंडळाचा आहे." काकड्या तारेला धरून थोडा वेळ उभा राहिला. लांबून मला त्याचे गाल फुगलेले दिसले. मग तो गेला.

यंदा लवूही येऊन गेला, पाहुण्यांच्या रांगेतून. चपला बाहेर काढून माझ्यासमोर मांडी घालून बसला. नवा वाटाड्या म्हणाला, "ओ काका, बसायचं नाही इथे."

"थांब रे बाबा," लवू म्हणाला, "बुवा उभे आहेत अजून." आणि मग मला हळूच सांगितलं, "काकड्या कारखान्याच्या फाटकावर राखणीला बसतो. वारा आला की बोटं हलवतो. लाडकी मुलुंडच्या बाजारात पळसाची पानं विकते. भांडते झकास, अजून."

माझं मेण आता वितळलं आहे. कर्ण्याला भोकं पडली आहेत. येणारी मुलं फुंकून बघतात, आवाज आला नाही की हसतात. मला त्याचा राग येत नाही. वस्तू सांभाळा, असं तुम्हाला शाळेत सांगतील, तेही खरं आहे. पण मित्रांनो, मला धुळीने नाही मारलं. रोज झटकतात मला. वाजवणाऱ्याला घालवून वाजणाऱ्याला सांभाळणं, याला जपणं म्हणत नाहीत, एवढं मोठे झालात की आठवा.

राखणदार येतोय. जाता जाता माझ्याखालच्या भिंतीवर तो फोटो बघा. खाली 'आदिवासी नृत्य' लिहिलंय. सगळ्या ओळीचे चेहरे दिसतात, एकीची फक्त पाठ. येणारे म्हणतात, हा फोटो बिघडलाय. बिघडलेला नाही तो. तिचा चेहरा त्या दिवशी काकड्याने पाहिला आणि मी पाहिला. ती रडत नव्हती. मी वेलावर असताना तिने माझ्यावर बोट ठेवलं होतं, तेव्हा जशी बघत होती, तशीच बघत होती.

तिचं नाव कुठेच लिहिलेलं नाही. लाडकी. घरी जाईपर्यंत विसरू नका.