धोंडूची हाक

बाबांना जाऊन महिना झाला. त्यांचा पांढरा सदरा अजून खुंटीवरच आहे. चोपन्न सालच्या शिमग्यानंतर तो घालून ते रोज कारखान्याच्या फाटकाशी जाऊन उभे राहत.

अंधेरीच्या एका काचकारखान्यात ते रोजावर होते. भट्टीजवळच्या गरम बाटल्या उचलायचं काम. तिथे दर तीन-चार महिन्यांनी रोजंदारीच्या माणसांना काही दिवस घरी बसवत आणि परत घेताना हजेरीवर दुसरं नाव चढवत. नाव बदललं की माणूस नवा, आणि नव्या माणसाला कायम करायचा प्रश्नच येत नाही. जुन्या नावावर राहिलेली मजुरीही अडकून पडे, कारण तो माणूस 'सोडून गेलेला' असे. सगळे मुकाट्याने नव्या नावाला ओ देत. बाबांनीही दिली होती.

शिमग्यानंतर त्यांना परत घेतलं त्या सकाळी शाळेत शिकवायला जाताना मी त्यांचा डबा द्यायला थांबले होते. मुकादम जयवंत हजेरी घेत होते.

"धोंडू तुकाराम!"

जयवंतांनी बाबांकडे बोट केलं.

"अरे लवू, तुलाच म्हणतोय. आजपासून धोंडू तू."

"माजा नाव लवू रामा घाडी," बाबा म्हणाले.

"धोंडू म्हटलं तर अंगाला भोकं पडतात काय रे?"

"पडनत नाय. पण लवूची चार वर्सां ह्यो धोंडू खाता, त्येचा काय?"

लोक हसले. जयवंतांनी फाटक ओढून घेतलं. बाबा बाहेर राहिले.

दुसऱ्या दिवशी ते पुन्हा गेले. धोंडूची हाक झाली, ते गप्प राहिले, फाटक बंद झालं. रोज हेच. घरातला चहा बंद झाला, मग रात्रीचा भात.

"एकदा त्या नावाक ओ देवा मा," आई म्हणाली. "कोण आयकता?"

"मी आयकतंय."

पुढच्या आठवड्यात बाटल्या निवडणाऱ्या रुक्मिणीला विमला केलं. "विमला माझी नणंद," ती जयवंतांना म्हणाली. "माहीमला असते. बोलावून आणू?" तीही बाबांशेजारी येऊन उभी राहिली. मग आणखी पाच जण आले, मग निम्मा घोळका. आत उरलेल्यांना दोन-दोन पाळ्यांना जुंपलं, तेव्हा तेही बाहेर आले. भट्टी विझली तर आतली काच तिथेच थिजते, हे साहेबालाही कळत होतं.

जयवंत आत जाऊन आले. घसा खाकरून म्हणाले, "लवू घाडी!"

"पुरा नाव."

"लवू रामा घाडी!"

"हजर," बाबा म्हणाले, आणि आत गेले.

अडकलेली मजुरी त्याच महिन्यात मिळाली. पुढच्या वर्षी ते कायम झाले, आणि त्यांच्याबरोबर फाटकाबाहेर उभे राहिलेले सगळे. मी पुस्तकांतून धैर्याची पुष्कळ वर्णनं वाचली आहेत. नुसतं गप्प उभं राहण्याचं वर्णन क्वचितच सापडलं.

स्मशानातल्या कारकुनाने नाव विचारलं, तेव्हा मी पिशवीतून डॉक्टरांचा दाखला काढत होते. मागून एक म्हातारे गृहस्थ काठी टेकत पुढे आले. जयवंत होते.

"लवू रामा घाडी," ते म्हणाले. कारकून लिहू लागला, तसे खाली वाकून पाहत राहिले. "पूर्ण लिहा."