करड्या रंगातलं नाव

आमच्या घरात मामाचं नाव काढायची सोय नव्हती. मामा जिवंत होता, धडधाकट होता, सकाळच्या बसने निघालं तर जेवायच्या वेळेला त्याच्या दारात पोचता येईल इतक्या जवळ राहत होता. तरी शाळेत मामावर निबंध लिहायची वेळ आली की मी आपला एक मामा रचून मोकळी व्हायचे. माझा मामा जहाजावर कप्तान होता. खरा मामा घरात बसून कॉम्प्युटरचे प्रोग्राम लिहायचा, आणि आईच्या मते तो चोर होता.

चोरी कसली, ते मला पाठ होतं. माझ्या जन्माच्या आधी कॉम्प्युटर नुकते कुठे लोकांच्या घरात शिरत होते. त्यावर चित्र काढता येतं असं सांगितलं तर माणसं हसायची. आजोबांच्या घरातल्या मागच्या खोलीत या बहीणभावांनी चित्रं काढायचा प्रोग्राम करायला घेतला. डोकं मामाचं, हात आईचा. माउस त्यांच्याकडे नव्हता. बाणांच्या कळा दाबत एकेक ठिपका टाकत जायचं. ब्रश, खोडरबर, फवारा, रंगाची बादली ही पडद्याच्या कडेची चिमुकली चित्रं आईने चौकटीच्या कागदावर एकेक घर भरून काढली, आणि मामाने त्या घरांचे आकडे करून मशीनला भरवले. नमुन्यासाठी आईने खिडकीत झोपलेलं मांजर काढलं. बादलीने त्या मांजराला रंग द्यायला जावं, तर शेपटीपाशी कुठेतरी एक ठिपका सुटलेला असायचा. रंग तेवढ्या फटीतून बाहेर पडायचा आणि खिडकी, भिंत, अख्खा पडदा गिळून टाकायचा. तो ठिपका शोधताना दोघं एकमेकांच्या झिंज्या उपटायच्या बेतात यायची.

मग माझी चाहूल लागली. डॉक्टरांनी आईला अंथरुणातून हलायचं नाही म्हणून दम दिला आणि राहिलेलं काम मामाने एकट्याने उरकलं. प्रोग्राम बाजारात आला तेव्हा मी आईच्या कडेवर होते. मला घेऊन ती कॉम्प्युटरच्या दुकानात गेली, दुकानदाराने फ्लॉपी सरकवली आणि पडदा उजळला. काळ्यावर प्रोग्रामचं नाव, तळाशी मामाचं नाव. बस्स. आई सांगते की मी तिथे भोकाड पसरलं. मला विचाराल तर ते तिनेच पसरलं असणार.

त्या संध्याकाळी मामाचा फोन आला, "पाहिलंस का?" म्हणून.

"डोळे फुटले नाहीत माझे. पाहिलंय पडद्यावर काय आहे ते!" एवढं बोलून आईने फोन आपटला. पुढे तो दारात आला तर तिने कडी काढली नाही. आजी गेली तेव्हा दोघं एकाच खोलीत समोरासमोरच्या भिंतींना टेकून बसली होती, आणि मधे आम्ही पोरं चहा देत फिरत होतो. आईने चित्र काढणंही सोडलं. माझ्या प्रयोगवहीतला बेडूकसुद्धा तिने काढून दिला नाही.

असं सगळं असताना परवा एका अनोळखी माणसाचा फोन आला. जुने कॉम्प्युटर जमवायचा नाद असलेला माणूस. त्याने कॉलेजच्या सभागृहात प्रदर्शन मांडलं होतं. त्याने आईचं माहेरचं नाव घेतलं आणि विचारलं, "ते मांजर काढणाऱ्या तुम्हीच ना?"

आईच्या हातातली वाटी ओट्यावर आपटली. "तुम्हाला कोणी सांगितलं? माझं नाव कुठेही नाही."

"असं कसं? पडद्यावर आहे की."

"थट्टा करताय का माझी?"

"अहो नाही हो बाई. तुमच्या भावाशीच बोललो मी. ते म्हणाले, चित्रं तिची आहेत, तिलाच बोलवा. तुमचा नंबर त्यांनी तोंडपाठ सांगितला."

आई रात्रभर धुसफुसत होती. सकाळी मात्र माझ्याआधी तयार होऊन चपला घालून उभी. "त्या माणसाला दाखवूनच देते," म्हणाली, "म्हणजे पुन्हा कोणाच्या जखमेवर मीठ चोळणार नाही."

सभागृहात लांबलचक टेबलांवर पिवळट पडलेली मशीनं मांडली होती. फोनवरचा माणूस चांगला दाढीवाला, उत्साही, शर्टाच्या खिशाला स्क्रूड्रायव्हर अडकवलेला. त्याने फ्लॉपी घातली. मशीन जात्यासारखं घरघरलं आणि काळा पडदा उजळला. वर प्रोग्रामचं नाव, तळाशी मामाचं नाव. मधली जागा काळीकुट्ट.

"बघ," आई मला म्हणाली. तिचा आवाज अगदी शांत होता, आणि आई शांत झाली की मला घाम फुटतो. "बघून घे. आणि तुम्हीही बघा, साहेब. कुठंय माझं नाव?"

दाढीवाल्याने कपाळावर हात मारला. "अरेच्चा, चुकलंच माझं. हा स्वस्तातला पडदा आहे. सोळा रंगांतले निम्मेच दाखवतो. याला गडद करडा आणि काळा एकच. तेव्हा बऱ्याच दुकानांत असलेच पडदे असायचे. थांबा हं." त्याने मागची वायर काढली आणि शेजारच्या मोठ्या पडद्याला जोडली.

तो पडदा तापायला वेळ लागला. आधी प्रोग्रामचं नाव आलं. मग मामाचं. आणि मग त्या दोहोंच्या मधे, जिथे इतकी वर्षं काही नव्हतं, तिथे करड्या रंगात आईचं नाव होतं. मामाच्या नावाच्या वर. मामाच्या नावापेक्षा मोठं. खाली बारीक अक्षरात लिहिलं होतं, 'सर्व चित्रं हिची.'

मी आईकडे बघायला घाबरत होते. ती उभी होती, तोंड किंचित उघडं, एक हात टेबलाच्या कडेवर. मला वाटलं, आता ही खाली कोसळते. मी खुर्ची ओढली तर ती बसेना.

"करडं मीच सांगितलं होतं," ती म्हणाली.

"काय?" दाढीवाल्याने विचारलं.

"मी नेहमी पेन्सिलीनेच सही करायची. पुसट. चित्राच्या वरताण सही नको म्हणून. त्याला मीच म्हटलं होतं, माझं नाव लिहिशील तेव्हा भडक लिहू नकोस बाबा, करड्यात लिही. आमचा घरचा पडदा चांगला होता रे... त्यावर ते दिसायचं." ती दाढीवाल्याला अरे-तुरे करत होती, आणि तिच्या ते गावीही नव्हतं.

मला आधी रडू आलं नाही, संताप आला. कोणावर, ते कळेना. दुकानदारावर? त्या ठोकळ्यावर? एका फडतूस पडद्यापायी माझा अख्खा मामा गेला होता! मी जहाजं आणि कप्तान रचत बसले होते. आणि या दोन शहाण्यांना एकदा, फक्त एकदा, समोर उभं राहून "नाव कुठंय" आणि "हे काय, इथे आहे" एवढं बोलता आलं नव्हतं.

दाढीवाल्याने न विचारता मामाला फोन लावला आणि आईच्या हातात दिला. तो लाऊडस्पीकरवर होता, बंद करायचं कोणालाच सुचलं नाही.

"दादा," आई म्हणाली.

पलीकडून म्हाताऱ्या झालेल्या आवाजात, "बोल."

"मला ते दिसलंच नव्हतं रे. दुकानातल्या पडद्यावर काळंच होतं सगळं. मला फक्त तुझं नाव दिसलं."

"पण तू तर म्हणालीस पाहिलंय."

"जे दिसलं तेच पाहिलं ना!"

आई कानाला न लावलेला फोन दोन्ही हातांत धरून उभी होती.

"मला वाटलं, करड्यात लिहिलं म्हणून चिडलीस," मामा म्हणाला. "म्हटलं, हिनेच सांगितलं खरं, पण छापून आल्यावर वाईट वाटलं असेल. चूक माझीच, मला कळायला हवं होतं. म्हणून तर दुसऱ्या आवृत्तीत पांढरं केलं."

"दुसरी आवृत्ती? ती कधी निघाली?"

"पुढच्याच वर्षी. तीही नाही पाहिलीस?"

आईने मान हलवली. फोनवर मान दिसत नाही हे तिच्या लक्षात आलं नाही. दाढीवाला मात्र हलला. त्याने डब्यातून दुसरी फ्लॉपी काढली, आणि काय मनात आलं कोण जाणे, वायर पुन्हा त्या स्वस्तातल्या पडद्याला लावली.

घरघर झाली. पडद्यावर खिडकीतलं मांजर आलं, शेपटीपाशी कुठेही फट नसलेलं, अंगभर रंग भरलेलं. त्याच्याखाली पांढऱ्याशुभ्र ठसठशीत अक्षरांत आईचं नाव. आंधळ्यालाही दिसावं एवढं मोठं. मी त्याच्याखाली पाहिलं. मग वर पाहिलं, कडेला पाहिलं. मामाचं नाव कुठेच नव्हतं.

"दादा, तुझं नाव?" आईने विचारलं.

"काढलं."

"का?"

"तू बोलत नव्हतीस माझ्याशी. मी एकटा काय मिरवू?"

आई आता बसली. खुर्चीत नाही, तिथेच टेबलाला टेकून जमिनीवर, फोन मांडीत घेऊन. पदराने तोंड दाबून ती हमसाहमशी रडली, आणि पलीकडे तो म्हातारा "अगं, ए, अगं" एवढंच म्हणत राहिला. दाढीवाला उगीच स्क्रूड्रायव्हर पुसत होता.

मग तिने नाक ओढलं आणि फोन तोंडाजवळ नेला.

"गाढवा," ती म्हणाली, "घरीच आहेस ना? कुठे जाऊ नकोस. निघाले मी."