थंडावर बांधलेला काटा

गुरुवारी सकाळी वैशाखरे गावाच्या अलीकडे, रस्त्याला लागून असलेल्या वडाखाली, सतरा-अठरा जिपा बोनेट उघडून रांगेत उभ्या असत. दातांच्या डॉक्टरपुढे बसावं तशा आ वासून. प्रत्येक जिपेपुढे तिचा ड्रायव्हर हात जोडून, हातांत नारळ आणि पायांशी दक्षिणेचा, डिझेलचा पाच लिटरचा कॅन. भोवती बाया, पोरं, एसटीची वाट बघता बघता इकडे वळलेले लोक. या सगळ्यांच्या मधोमध, प्लास्टिकच्या खुर्चीवर वाघाचं चित्र असलेली सोलापुरी चादर टाकून, शीतलनाथ महाराज.

"इंजिनात काय असतं?" महाराज ओरडून विचारत.

"आग!" सगळे ओरडत.

"आग कुणाचं ऐकते? कंपनीचं ऐकते? गॅरेजवाल्याचं ऐकते?"

"नाय!"

"मग कुणाचं ऐकते?"

उत्तर खुर्चीत बसलेलंच असे. महाराज डोळे मिटत, पुटपुटत, आणि त्यांचा शिष्य प्रणित लाल दोरा घेऊन बोनेटमध्ये कमरेपर्यंत वाके. "ड्रायव्हर, आत बस. चावी फिरव, काट्याकडे बघ," महाराज सांगत. आणि पुढ्यातला तो तापमानाचा काटा, घामाघूम होऊन वर चढलेला, सगळ्यांच्या डोळ्यांदेखत हळूहळू उतरत थंडाच्या खुणेवर जाऊन पडे. तो परत म्हणून उठत नसे. घाट चढा, वीस माणसं कोंबा, भर दुपारच्या उन्हात चालवा, काटा आपला थंड.

"माझ्या मंत्राला टॉवर लागत नाही," महाराज म्हणत. "कल्याणला गाडी तापली तरी इथून रेंज जाते."

यात हसण्यासारखं पुष्कळ होतं, पण चंदर हसला नाही. चंदर बावीस वर्षं जीप चालवत होता. आसपासच्या पाड्यांवरून मुरबाडला माणसं न्यायची, बाजार करून संध्याकाळी आणून सोडायची. त्याची जीप म्हातारी होती, चढावर तापायची. म्हणून रोज सकाळी तो फडक्याने रेडिएटरचं झाकण उघडून पाणी बघायचा, कमी असलं तर बाटलीने भरायचा. बायको म्हणायची, देवाला फुलं वाहायला विसराल पण जिपेला पाणी पाजायला विसरायचे नाहीत. असा हा माणूस. आणि त्याच्याच जिपेचा काटा माघात महाराजांनी पहिला बांधला.

"आता हे झाकण उघडायचं नाही," महाराजांनी बजावलं. प्रणितने झाकणावरही लाल दोऱ्याचे सात वेढे घातले. "उघडलंस तर बंधन सुटेल. आणि ते हिरवं पाणी घालतोस ना, कूलंट? ते विष आहे. आता काही घालायची गरजच नाही."

चंदरने मान डोलावली. काटा सतत थंडावर पडून राहिला तर एकतर इंजिन बंद असतं नाहीतर काटा, हे नवशिक्या ड्रायव्हरलाही कळतं. चंदरलाही कळत होतं. पण चमत्कार आपल्याच गाडीत झाला म्हटल्यावर माणूस कळलेलं विसरायला फार लवकर शिकतो. तो स्टँडवर ज्याला त्याला काटा दाखवू लागला. संदेश, धाऊ, एकेक करून सगळे जीपवाले त्यानेच महाराजांकडे नेले. महाराज त्याला "माझा पहिला भक्त" म्हणत, आणि चंदरला ते फार गोड वाटे.

दहावीच्या परीक्षेला चंदरच्या पाड्यावरची सहा मुलं बसली होती. केंद्र मुरबाडला. चंदरची जीप ठरलेली होती, रोज जाऊन-येऊन. गणिताच्या पेपरच्या दिवशी अनिताची मनस्वी पुढे, चंदरच्या शेजारी बसली. मांडीवर वही, ओठांवर सूत्रं. अनिता मजुरीला जाते. मुलीने गणितात चांगले मार्क काढावेत आणि पुढे शिकावं, एवढी एकच गोष्ट तिने आयुष्यात हट्टाने धरली होती.

निम्मा रस्ता झाला आणि मनस्वीने वहीतून मान वर काढली.

"काका, कसलातरी जळका वास येतोय."

"बाहेरून येत असंल. शेतात पालापाचोळ्याचा राब भाजतायत."

थोड्या वेळाने ती पुन्हा म्हणाली, "काका, पाय पोळतायत. खालून गरम लागतंय."

चंदरचेही पाय पोळत होते. चप्पल असूनही चटका बसत होता. त्याने काट्याकडे पाहिलं. काटा थंड. पायाने सांगितलेलं खरं की काट्याने, एवढाच प्रश्न होता, आणि बावीस वर्षांच्या पायांना त्याने खोटं ठरवलं.

"काटा बघ ना! थंड हाय. गाडीत बसल्यावर वास-वास करू नको, अपशकून होतो. गप बस."

मनस्वीने पाय सीटवर ओढून घेतले. पुढच्या चढावर बोनेटखालून वाफेचा लोट आला, आत काहीतरी करकरलं, आणि इंजिन जाम झालं. ते पुन्हा हललं नाही. सहा मुलं रस्त्यावर उभी राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला हात करत होती. शेवटी एका दुधाच्या टेम्पोने त्यांना घेतलं. केंद्रावर पोचली तेव्हा पेपर सुरू होऊन पाऊण तास उलटून गेला होता. फाटकावरच्या माणसाने नियम दाखवला. सहाही जणांचा गणिताचा पेपर बुडाला.

त्या संध्याकाळी पाड्यावरचे आईबाप चंदरच्या अंगणात जमले. चंदर त्यांना घेऊन महाराजांकडे गेला. दुसरीकडे कुठे जाणार? महाराजांनी डोळे मिटले, बराच वेळ मिटूनच ठेवले, मग विचारलं, "पुढं कोण बसलं होतं?"

या प्रश्नाचा रोख कुठे आहे, हे चंदरला तेव्हाच कळलं होतं. पुढे त्याने स्वतःला कितीही समजावलं, तरी ते कळलं होतं हे त्याला नाकारता आलं नाही. तो म्हणाला, "अनिताची मनस्वी."

"विटाळात होती ती," महाराज म्हणाले. "बंधन तिच्यामुळं तुटलं."

झालं. आठ दिवसांत पोरीला घराबाहेर पडणं कठीण झालं. पाण्याच्या टाकीपाशी बायका अनिताला विचारत, "खरंच होती का गो बाजूला? कितवा दिस होता?" सोळा वर्षांच्या मुलीच्या तारखांचा हिशेब सगळा पाडा मांडत होता. बाकीच्या पाच जणांचे आईबाप तिच्या दारावरून जाताना मान फिरवत. महाराजांनी हुकूम सोडला, येत्या गुरुवारी मुलीने सगळ्या जिपांना पाणी घालून सगळ्यांपुढे लोटांगण घालायचं. नाहीतर तिच्या आईला कुणी गाडीत घेणार नाही, कामाला बोलावणार नाही.

दरम्यान चंदरची जीप ओढून मुरबाडच्या एका गॅरेजात नेली होती. ते गॅरेज दिपिका चालवते. आयटीआय करून आलेली, तिशीची, हात कोपरापर्यंत काळे. तिने बोनेट उघडलं आणि कपाळावर हात मारला.

"दादा, हा दोरा कोणी बांधला झाकणाला? आत पाण्याचा टिपूस नाय. पाईप फाटलाय, कधीपासून गळत असंल. हेड वाकलंय, इंजिन गेलं."

"पण काटा तर थंड व्हता. आमी बघत व्हतो."

दिपिका इंजिनावर वाकली. टेपखाली दडवलेली एक बारीक वायर तिने नखाने उचकटून बाहेर काढली. तिचं टोक मोकळं होतं.

"ही बगा. इंजिनात एक सेन्सर असतो, त्याच्यापासून ही वायर काट्याकडं जाते. इंजिन किती तापलंय ते काट्याला हिच्यातून कळतं. वायर काढली की काटा थंडावर पडतो, आणि तिथंच राहतो. इंजिन तापायचं थांबत नाय दादा, तुमाला कळायचं थांबतं." मग तिने चावी फिरवली आणि वायरीचं टोक इंजिनाच्या लोखंडाला टेकवलं. काटा सरसरत लालवर गेला. टोक उचललं, काटा खाली पडला. "आता इंजिन थंडगार हाय. तरी बगा, मना पायजे तसा नाचतो. मंत्र नाय लागत, दोन बोटं लागतात."

चंदर मटकन टायरवर बसला. त्याला इंजिन आठवलं नाही. त्याला ती वही मांडीवर घेतलेली पोर आठवली.

"ताई, तू चल ना गुरुवारी. तू सांग सगळ्यांना."

"मी कशाला? त्यांना तिथं नेलं कोणी? तुमीच ना?" दिपिकाने हात फडक्याला पुसले. "मग तुमीच सांगा."

तो घरी आला आणि त्याने कुणालाच काही सांगितलं नाही. एक दिवस गेला, दोन गेले, तीन गेले. मनस्वीच्या घरावरून जायला लागू नये म्हणून तो शेताच्या बांधावरून फेरा घेई. खरं सांगितलं तर आपण मूर्ख ठरणार होतो, ते त्याला सोसलं असतं. पण पोरीचं नाव आपण घेतलं, तिने सांगितलेलं ऐकलं नाही आणि वर तिलाच पुढे केलं, हे चारचौघांत बोलायची त्याला हिंमत होत नव्हती. स्वतःची इतकी किळस त्याला आजवर कधी आली नव्हती. बायकोने ताट वाढलं की तो पाण्याचा तांब्या रिकामा करून उठे.

गुरुवार आला. वडाखाली नेहमीपेक्षा जास्त गर्दी. अनिता मुलीचा हात धरून उभी. मनस्वीच्या हातात पाण्याची बादली, नजर जमिनीवर. चंदर सगळ्यांच्या मागे, झाडाला टेकून. आज गप्प राहायचं आणि उद्या कधीतरी सांगायचं, असं तो अजूनही मनात जुळवत होता.

"बघा कोप!" महाराज गरजले. संदेशच्या जिपेकडे बोट केलं. "हिचा काटा मी बांधलेला. ही मुलगी जवळ आली, बघा काय होतं. संदेश, चावी फिरव!"

प्रणित बोनेटमध्ये वाकला. संदेश आतून ओरडला, "लाल! काटा लाल झाला!" गर्दीतून 'बापरे' असा आवाज उठला. दोन बाया मागे सरल्या.

"घाल पाणी! पड पाया!" महाराज म्हणाले.

मनस्वीने बादली खाली ठेवली. ती पुढे गेली आणि जिपेच्या रेडिएटरवर सरळ तळहात टेकवला. तसाच ठेवला.

"थंड हाय," ती म्हणाली. "गाडी सकाळपासून इथंच उभी हाय, बंद. तापली कशी? कुणीतरी हात लावून बघा."

कुणी हललं नाही. "हात काढ!" महाराज किंचाळले, आणि अनिता मुलीला मागे ओढायला धावली. तेव्हा कुठे चंदरचे पाय जागचे सुटले. तो माणसं बाजूला करत पुढे आला, त्याने रेडिएटरवर हात ठेवला, मग प्रणितचं मनगट पकडून वर उचललं. प्रणितच्या बोटांत वायर होती.

"संदेश, आता काटा?"

"पडला! थंड झाला!"

चंदरने वायर इंजिनाला टेकवली. "आता?"

"लाल!"

"आता?"

"थंड." संदेश जिपेतून उतरून पुढे आला. त्याने वायर बघितली, मग चंदरकडे बघितलं. "म्हणजे आमच्या सगळ्यांच्या..."

"सगळ्यांच्या. बोनेट उघडून बघा. टेपखाली हाय."

सतरा ड्रायव्हर आपापल्या जिपेत वाकले. महाराज श्रद्धा, पाप आणि कलियुग यांविषयी काहीतरी बोलत होते, पण ऐकायला कुणी उरलं नव्हतं. धाऊने त्यांना खुर्चीतून उठू दिलं नाही. "बसा तुमी. पोलीस येईपर्यंत बसा," तो म्हणाला.

चंदर मात्र एवढ्यावर सुटणार नव्हता, आणि ते त्यालाही ठाऊक होतं. लोक त्याला शाबासकी द्यायला लागले होते. एक जण तर म्हणाला, "चंदरनं पकडला चोर!" ते ऐकून त्याला रडू फुटलं.

"मी काय नाय पकडला," तो म्हणाला. "मना चार दिवस झाले, ठाऊक व्हतं. मी गप बसलो. या पोरीनं गाडीत दोनदा सांगितलं, वास येतो, पाय पोळतात. माझेबी पोळत व्हते. मी तिला गप केलं. आणि मग त्यानं विचारलं पुढं कोण, तर मी हिचं नाव दिलं. सहा पोरांचा पेपर माझ्यामुळं गेला. तिला काय झालं नव्हतं. आणि झालं असतं तरी इंजिनाला काय कळतं रे त्यातलं? पाणी संपलं की इंजिन तापतं. दुसरं काय बी कारण नाय."

टाकीपाशी तारखा विचारणाऱ्या बायका तिथेच होत्या. त्यांनी पदर तोंडाला लावले.

चंदर मनस्वीपुढे उभा राहिला. "जुलैत परत परीक्षा हाय ना गो? मी नेतो तुला. गाडी दुरुस्त करतो, फुकट नेतो, तुमाला सगळ्यांना."

मनस्वीने आईकडे बघितलं. अनिताने मुलीला बोलू दिलं.

"नको काका," मनस्वी म्हणाली. "मी एसटीनं जाईन."

चंदरने खाली मान घातली. मग तो म्हणाला, "बरोबर हाय तुझं. एसटीनं जा. पण जिपेत बसायची येळ आलीच, तर चढायच्या आधी ड्रायव्हरला विचार, पाणी बघितलंस का, झाकण उघडलं व्हतंस का. तुमीबी विचारा रे सगळे. मना विचारा, महाराजाला विचारा, कुणालाबी विचारा. आणि विचारल्यावर जो चिडंल ना, त्याच्या गाडीत पाय ठेवू नका."