मोडक्या पाठीचा कौल

मी लोककथांचा एक जुना संग्रह आहे. मित्रांनो, आत्मवृत्त सांगताना पुस्तकं सहसा नम्र होतात आणि वाचकांचे उपकार मानतात. ते माझ्याच्याने होणार नाही, कारण वाचक मला मिळालेच नाहीत. मिळाली ती माझ्याकडून फुकटचा सल्ला काढणारी माणसं. त्यांच्याबद्दल मला काय वाटतं, ते आज सांगून टाकतो.

माझ्यातल्या गोष्टी एका निवृत्त शाळामास्तरांनी गोळा केल्या. नावाडी, मेंढपाळ, धुणं धुणाऱ्या बायका यांच्याजवळ बसून त्यांनी त्या जशाच्या तशा उतरवून घेतल्या. साऱ्या गोष्टी एकाच विषयाच्या, म्हणजे अवचित उघडलेल्या नशिबाच्या. कुणी वाट चुकतो आणि राजवाड्यात पोचतो. कुणी दुसऱ्याची बकरी शोधायला विहिरीत उतरतो आणि त्याला मोहरांचा हंडा सापडतो. मग एका विद्वानाने मला लांबलचक प्रस्तावना लिहिली. तिच्यात 'योगायोग' हा शब्द जागोजागी आहे, गोष्टी वाचल्याचा पुरावा मात्र कुठेच नाही. शेवटी बांधणी करणाऱ्याने डिंकात काटकसर केली. ती त्याची काटकसर पुढे एका माणसाला फार महाग पडली.

एक गोष्ट मात्र आधीच सांगतो, कारण पुढे चिडल्यावर ती राहून जाईल. माझ्या पोटातल्या एकाही माणसाला नशीब घरी बसून भेटलेलं नाही. प्रत्येकाने आधी उंबरा ओलांडला, चुकीच्या दारावर थाप मारली, वाटेत कुणा म्हातारीचं ओझं उचललं. हे शेंबड्या पोरालाही कळतं. थोरांना कळायला वेळ लागतो.

शाळेच्या सोडतीत मी एका मुलीला मिळालो. तिला आयुष्यात सोडतीत मिळालेली ही एकच वस्तू. तेवढ्यावरून तिने मला भाग्याचं पुस्तक ठरवलं. वाचलं मात्र नाही. लग्न होऊन ती सासरी गेली तेव्हा मला माहेरीच ठेवून गेली. माहेरी तिचा धाकटा भाऊ घड्याळं दुरुस्त करायचा. त्याच्या कामाच्या टेबलाचा एक पाय आखूड होता. त्याने मला मधोमध उघडलं, पालथं घातलं आणि त्या पायाखाली सरकवलं. डिंक आधीच कमी, त्यात टेबलाचं वजन. माझी पाठ मोडली ती कायमचीच.

पुढे त्या बहिणीचा नवरा ऑपरेशनसाठी दवाखान्यात गेला तो परत आलाच नाही. ती भावाकडे राहायला आली. आता भावाची मुलगी तिला आत्या म्हणू लागली, म्हणून आपणही आत्याच म्हणू. इथे राहावं की नाही असा तिला प्रश्न पडला. तिने मला टेबलाखालून काढून झटकलं, डोळे मिटले आणि उघडलं. समोर आळशाची गोष्ट आली. एक आळशी झाडाखाली पडून असतो. मोहरांच्या पिशव्या लादलेलं एक गाढव आपणहून त्याच्यापाशी येऊन उभं राहतं. पानाच्या तळाशी वाक्य होतं, 'ज्याचं असतं, ते त्याच्याकडे चालत येतं.' तेवढ्यात भाऊ येऊन म्हणाला, "ताई, आता इथंच राहायचं." कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ पडली, आणि मी त्या घरात देव झालो.

तेव्हापासून घरात काहीही ठरवायचं झालं की माझा कौल. नियम असा की जी दोन पानं उघडतील तेवढीच वाचायची, पान उलटायचं नाही. पान उलटलं की म्हणे कौल फिरतो. कौल घ्यावा तेव्हा तीच दोन पानं उघडायची, आणि 'काय हा चमत्कार' म्हणत सगळे माना डोलवायचे. घड्याळातला केसाएवढा दोष हेरणारा माणूस, पण हाताखालच्या मोडक्या पुस्तकाकडे त्याचं कधी लक्ष गेलं नाही. गळक्या छपराची दुरुस्ती थांबली. मुलीला दुसऱ्या शहरातून कामाचं बोलावणं आलं होतं, तेही थांबलं. ती गल्लीतल्या बेकरीत लागली. असेल माझा हरी तर देईल खाटल्यावरी, हा त्या घराचा कारभार.

मग घड्याळजीचे डोळे बिघडले. समोरचं नीट दिसायचं, बाजूचं दिसेना. डोळ्याला भिंग लावून तो बारीक चाकं बसवायचा आणि उठताना दाराच्या चौकटीवर आदळायचा. डॉक्टरांनी काचबिंदू सांगितला. औषधाचे थेंब पुरणार नाहीत, ऑपरेशन करावं लागेल, असंही सांगितलं.

"याच महिन्यात करा म्हणालेत," मुलगी म्हणाली.

"डॉक्टर म्हणणारच," आत्या म्हणाली. "आधी कौल घेऊ."

"ताई म्हणेल तसं. मला तर छान दिसतंय," असं म्हणून घड्याळजीने बाजूला ठेवलेल्या चहाच्या कपाला हात घातला. हात कपाशेजारच्या रिकाम्या जागेवर पडला.

कौल घेतला. गाढव आलं. ऑपरेशन थांबलं. महिन्यांमागून महिने गेले, मुलगी पुन्हा पुन्हा विषय काढत राहिली आणि तेच गाढव पुन्हा पुन्हा येत राहिलं. मला हात असते तर मी त्या दोघांच्या कानाखाली एकेक ठेवून दिली असती. एके दिवशी दुकानाची पायरी उतरताना बाजूने येणारी सायकल घड्याळजीला दिसलीच नाही. त्याचं कोपर फुटलं.

दुसऱ्या दिवशी मुलगी फडताळ पुसत होती. तिचा धक्का लागून मी खाली पडलो आणि उघडलो. अर्थात गाढवाच्या पानावर. तिने मला उचललं, मुद्दाम पुन्हा पाडलं. पुन्हा गाढव. मग मला मांडीवर घेऊन तिने, इतक्या वर्षांत कुणी केलं नव्हतं ते केलं. पान उलटलं.

तिने दोघांना हाक मारली. "आत्या, बाजारातून मीठ आणू की साखर, विचार बघू पुस्तकाला."

"थट्टा करू नये अशी."

"मग मीच विचारते." तिने मला उघडलं. "बघ. मिठालाही गाढव. आत्या, हा कौल नाही. याची पाठ मोडली आहे."

घड्याळजीने मला जवळ घेऊन भिंग लावलं. "हा टेबलाच्या पायाचा वळ आहे. मीच घातलं होतं खाली. तू सासरी होतीस तेव्हा." तो हसला. आत्या हसली नाही.

मुलीने पुढचं पान मोठ्याने वाचलं. गाढवाचा मालक काठी घेऊन येतो, आळशाला बडवतो, पिशव्या आणि गाढव घेऊन जातो, आणि जाता जाता त्याचं घोंगडंही नेतो.

मग आत्या म्हणाली, "तुझे काका ऑपरेशनला आत गेले, तेव्हा मी बाहेर बाकावर बसले होते. मला पुन्हा त्या बाकावर बसायचं नव्हतं. म्हणून मला हे उत्तर आवडायचं."

मित्रांनो, इथे मला तिची दया यायला हवी होती. आली नाही. भीती वाटते तर भीती वाटते म्हणावं. माझ्या तोंडून कशाला वदवावं?

त्याच आठवड्यात ते दवाखान्यात गेले. आत्या बाकावर बसली. सवयीने मी तिच्या पिशवीत होतो, पण तिने मला बाहेर काढलं नाही. डॉक्टर आले. "उजव्या डोळ्याची नजर आता टिकेल. डाव्याला फार उशीर झाला. गेलेली नजर आणता येत नाही. आधी आला असतात तर तीही राखता आली असती."

शेजारी बसलेली बाई हळहळून म्हणाली, "एक तरी राहिला. नशीब म्हणायचं."

"नशिबाचं नाव घेऊ नका," आत्या म्हणाली. "डॉक्टरांनी वेळेवर सांगितलं होतं. मी त्याला घरी बसवून ठेवलं."

त्या घरातल्या कुणाच्याही तोंडून मी ऐकलेलं हे पहिलं शहाणपणाचं वाक्य. त्याची किंमत एक डोळा.

मित्रांनो, मला कव्हर घाला, माझी धूळ झटका, असं मी मागत नाही. मला वाचायचं तर पहिल्या पानापासून वाचा, आणि पान उलटा. काही विचारायचं असेल तर ज्याला त्यातलं कळतं त्याच्या दारात जा. माझ्या गोष्टीतली अडाणी माणसंसुद्धा तेवढं चालतात.

घड्याळजी अजून दुकान चालवतो. संध्याकाळी आत्या त्याला घरी आणते, त्याच्या डाव्या बाजूने चालत. रस्ता ओलांडताना ती "थांब" म्हणते आणि तो थांबतो. हे 'थांब' बरोबर असतं, कारण ते म्हणण्याआधी तिने स्वतः रस्त्याकडे बघितलेलं असतं.