राजघराण्यातलं लग्न आणि मी मुकी फिल्म

मित्रांनो, मी एक जुनी फिल्म आहे, राजघराण्यातल्या एका लग्नाची. आधीच सांगते, मी मुकी आहे. माझा आवाज बिघडलेला नाही. माझ्या काळी फिल्मला आवाज नव्हताच! तरी जो तो विचारतो, "आवाज का येत नाही?" वैताग आहे नुसता.

छायाचित्रकाराने हाताने कॅमेऱ्याचा दांडा फिरवत मला टिपलं. घोडागाडी आली, नवरदेव राजे उतरले. जिन्यावरून येताना नवरीचा बूट निसटला आणि ती खळखळून हसली. कारभाऱ्याच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"राण्या असं हसत नसतात. तेवढं कापा."

छायाचित्रकार "हो हो" म्हणाला आणि कापायचं विसरला. मुद्दामच!

पुढे थिएटरवाल्यांनी मला यंत्रावर भरधाव पळवलं. राजे चिमणीसारखे टुणटुण उड्या मारू लागले, लोक पोट धरून हसले. माझा काय दोष? मग बोलपट आले आणि मी थिएटरच्या तळघरात गेले, तेही गरम पाण्याच्या नळाशेजारी. माझ्या डब्यावर साधी चिठ्ठी नाही. वर्षानुवर्षं दार मिटू नये म्हणून तो डबा दाराला टेकवून ठेवला. आत मी वितळत होते, चिकटत होते. एकदा वास सुटला, तेव्हा कुठे थिएटरच्या साहेबांना मी आठवले.

"असली जुनी फिल्म पेट घेईल एखाद्या दिवशी. नष्ट करून टाका."

"आत काय आहे ते तरी बघू द्या," फिल्म दुरुस्त करणाऱ्या बाई म्हणाल्या.

"काय असणार? चिकट गोळा!"

बाईंनी ऐकलं नाही. तीन आठवडे त्या मला नखानखाने सोडवत होत्या. निम्मी मी भुकटी झाले. उरलेल्या तुकड्यासाठी त्यांनी राणीच्या नातीला बोलावलं. नातही आता सत्तरीची.

"आजी कधी हसलीच नाही हो," ती म्हणाली. "आम्ही मुलं तिला दगड म्हणायचो."

पडद्यावर जिना आला. अकरा सेकंद.

"पुन्हा लावा."

सहा वेळा लावलं. सातव्यांदा तिने नुसती हाताने 'पुन्हा'ची खूण केली. नंतर हळूच विचारलं, "आणि आजोबा?"

बाईंनी नकारार्थी मान हलवली. आजोबा भुकटीत गेले होते.

मित्रांनो, डब्यावर चिठ्ठी लावा. थंड जागी ठेवा. फेकण्याआधी एकदा उघडून बघा. एवढंही जमत नाही का? माझ्या गेलेल्या अर्ध्या भागात आणखी कोण कोण होतं, ते आता मलासुद्धा सांगता येत नाही.