तारांनी वाकलेला खांब

मित्रांनो, मी विजेचा खांब, जुना आणि लोखंडी. शिवणवाल्या ताईंच्या दुकानासमोरच्या वळणावर मी एकतीस वर्षे उभा आहे. माझ्या अंगावर पांढऱ्या रंगात २१२ लिहिले आहे. कचेरीत हेच माझे नाव.

मला इथे रोवले तेव्हा लाईनमन नुकताच नोकरीला लागला होता. पायथ्याचे काँक्रीट थापून त्याने माझ्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाला, "नीट उभा राहा रे बाबा, माझी पहिलीच कामगिरी आहे." मी नीट उभा राहिलो. दिवा लागला तेव्हा ताई दारात येऊन म्हणाल्या, "आता सुईत दोरा ओवायला डोळे फोडायला नकोत!" त्या दिवशी मला धन्य वाटले.

पुढे एक केबलवाला शिडी घेऊन आला. त्याने माझ्या कमरेला एक काळी तार बांधली. एका तारेचे ओझे ते काय! पण मग दुसरी आली, मग विसावी. दुसरा केबलवालाही आला. जुनी तार बंद पडली की ती न काढताच नवी बांधायची, अशी दोघांची रीत. वेटोळी लोंबू लागली आणि मी हळूहळू दुकानाच्या बाजूला कलू लागलो.

लाईनमनने कळवले तेव्हा वीज कंपनीने नोटीस काढली: विनापरवानगी तारा काढा. दोन्ही केबलवाले कोर्टात गेले. "घरोघरच्या तारा आभाळातून नेऊ का?" असे ते माझ्याखाली उभे राहून तावातावाने म्हणत. वकील आले, माझे फोटो काढून गेले. कोर्टाने सांगितले, निकाल लागेपर्यंत परिस्थिती जैसे थे ठेवा.

मित्रांनो, कागदावर परिस्थिती जैसे थे राहते. लोखंडावर गंज चढतच असतो. मला बदलायचे तर तारा सोडायला हव्यात आणि तारांना हात लावायची मनाई. लाईनमन साहेबांना म्हणाला, "साहेब, खांब पडेल हो." साहेब म्हणाले, "मला कळत नाही का? पण हात लावला तर मीच कोर्टात उभा राहीन."

एका दुपारी वाऱ्याने वीज गेली. लाईनमन शिडी लावून वर चढला. तारांच्या जंजाळातून वाट काढताना त्याचा पाय एका वेटोळ्यात अडकला. तो सोडवायला वाकला आणि तोल गेला. त्याने मला धरायला हात पुढे केला. त्याच्या हाताला माझ्याऐवजी एक लोंबती तार लागली. ती सुटून आली.

तो माझ्या पायाशी पडला. ताई हातातले कापड टाकून धावल्या. तो विव्हळत होता आणि मला वाकताही येत नव्हते. म्हणजे वाकलो होतो, पण त्याच्यासाठी नव्हे.

त्याचे खुब्याचे हाड मोडले. पुढच्या तारखेला कंपनीच्या वकिलाने केबलवाल्यांकडे बोट दाखवले, त्यांच्या वकिलांनी कंपनीकडे. पुन्हा तारीख पडली.

काल ताईंनी दुकानाच्या दाराशी मशीनवर बसूनच तक्रार केंद्राला फोन लावला. मशीनवर हात मोकळे राहावेत म्हणून त्या स्पीकर चालू ठेवतात.

"अहो, दोनशे बारा नंबरचा खांब आता माझ्या पत्र्याला टेकायला आलाय."

पलीकडून ओळखीचा आवाज आला. "ताई, मीच बोलतोय. मला आता खुर्चीवरचं काम दिलंय."

"मग तूच काहीतरी कर ना, बाबा!"

"मला फक्त तक्रार क्रमांक देता येतो. घ्या लिहून."

ताईंनी खडूने तो कापडावरच लिहिला.

मित्रांनो, चूक कोणाची, हे मोठी माणसे ठरवतील तेव्हा ठरवतील. तुम्ही आपल्या रस्त्यावरच्या खांबांकडे अधूनमधून मान वर करून पाहत जा. आणि इथून जाताना कृपा करून पलीकडच्या बाजूने जा. मला तुमच्यावर पडायचे नाही. पण ते माझ्या हातात नाही.